फ्रिअरटाउन

फ्रिअरटाउन : केन्यातील मोंबासा शहराचे उपनगर व मुक्त गुलामांची जुनी वसाहत. मोंबासा बेटाच्या उत्तरेस, खाडीपलीकडील किसाउनी भागात ते वसले असून न्याली पुलाने बेटाशी जोडलेले आहे. येथील एका चौकाला केंगेलेनी म्हणतात. स्वाहिलीत ‘केंगेले’ म्हणजे घंटा. गुलामांच्या व्यापाऱ्यांची चाहूल लागताच मिशनची घंटा वाजवून वस्तीला सावध करीत, असे सांगतात.

चर्च मिशनरी सोसायटीचे जर्मन मिशनरी योहान लुडविग क्राप्फ 1844 मध्ये मोंबासाला आले. काही महिन्यांतच त्यांची पत्नी व तान्ही मुलगी तापाने दगावल्या. दोघींच्या कबरी न्यालीत आहेत. पुढे योहान रेबमान त्यांना येऊन मिळाले आणि 1846 मध्ये जवळच रबाई येथे मिशनचे ठाणे पडले. रेबमान यांनी 1848 मध्ये किलिमांजारो, तर क्राप्फ यांनी 1849 मध्ये माउंट केन्या पाहिला. विषुववृत्ताजवळ बर्फ असल्याचे त्यांचे म्हणणे युरोपातील काही भूगोलज्ञांनी हसण्यावारी नेले. धर्मांतरे मात्र बोटांवर मोजण्याइतकीच झाली.

फ्रिअरटाउनच्या वसाहतीचे खरे मूळ मात्र नाशिकात आहे. हिंदी महासागरात गुलाम वाहून नेणारी गलबते ब्रिटिश आरमार पकडी, तेव्हा सुटलेल्यांपैकी अनेकांना मुंबईत उतरवले जाई. त्यांतील काही मुले विल्यम सॉल्टर प्राइस यांनी नाशिकजवळ वसवलेल्या शरणपूरच्या मिशनकडे सोपवली गेली. तेथे त्यांना अक्षरओळखीबरोबर सुतारकाम, लोहारकाम शिकवीत. मुलांची नावेही बदलली. आफ्रिकेचे संशोधक-प्रवासी डेव्हिड लिव्हिंग्स्टन यांनी 1866 च्या अखेरच्या सफरीत शरणपूरचे काही तरुण सोबत नेले. 1872 मध्ये लिव्हिंग्स्टन यांच्या मदतीसाठी गेलेल्यांत शरणपूरचाच जेकब वेनराइट होता. मृत्यूनंतर लिव्हिंग्स्टन यांचे हृदय ज्या झाडाखाली पुरले, त्याच्या खोडावर मृत्युलेख कोरणारा तोच, आणि 1874 मध्ये त्यांच्या शवपेटीबरोबर इंग्लंडला गेलेलाही तोच.

मुंबईचे माजी गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर यांना 1872 मध्ये ब्रिटिश सरकारने झांझिबारच्या सुलतानाकडे पाठवले. सुलतानाने जून 1873 मध्ये करार करून समुद्रमार्गे होणारा गुलामांचा व्यापार बंद केला. सुटलेल्यांना ठेवायचे कुठे, हा प्रश्न त्यामुळे अधिकच निकडीचा झाला. मोंबासाजवळ त्यांची वसाहत करावी, ही सूचना फ्रिअर यांचीच. प्राइस नाशिकहून अनुभव घेऊन आलेले. त्यांनी 1875 मध्ये जमीन घेऊन वस्ती उभी केली व तिला फ्रिअर यांचे नाव दिले. शरणपूरहून आलेले सुमारे दीडशे जण येथे शिक्षक, दुभाषे, कारागीर झाले. त्यांना ‘बाँबे आफ्रिकन’ म्हणत. जन्म आफ्रिकेतला, वाढ नाशिकची आणि ओळख मुंबईची, असा हा प्रकार. गलबतांवरून थेट उतरवलेले लोक मात्र ‘मातेका’, म्हणजे बंदिवान, याच नावाने ओळखले जात.

वस्तीला घोर होता तो समुद्रापेक्षा शेजारचा. मिशनच्या ठाण्यांवर पळून येणाऱ्या गुलामांमुळे मोंबासाचे मालक चिडले होते. तिढा इतका वाढला, की ब्रिटिश ईस्ट आफ्रिका कंपनीचे जॉर्ज मॅकेंझी यांनी मालकांना भरपाई देऊन अशा सुमारे 1400 जणांना 1 जानेवारी 1889 रोजी मुक्तिपत्रे दिली. वस्तीच्या आतही सारे आलबेल नव्हते. अधीक्षक स्ट्रीटर मुक्त गुलामांना फटके मारीत असल्याची 1881 मध्ये चौकशी होऊन त्यांना जावे लागले. गुलामगिरीतून सोडवणाऱ्यांच्याच हाती चाबूक दिसावा, हा या इतिहासातील बोचरा भाग.

शरणपूरला शिकलेले विल्यम जोन्स व इश्माएल सेमलर यांना 1885 मध्ये बिशप हॅनिंग्टन यांनी डीकन म्हणून दीक्षा दिली. त्याच वर्षी जोन्स हॅनिंग्टनबरोबर युगांडाच्या वाटेला लागले. बिशप मारले गेल्यावर उरलेला तांडा त्यांनीच 1886 मध्ये रबाईला परत आणला. तांड्यापुढे चालणाऱ्या निळ्या निशाणावर पांढऱ्या अक्षरांत ‘इकाबोद’ असे शिवलेले होते. बायबलमधील या हिब्रू नावाचा अर्थ ‘वैभव गेले’ असा आहे.

केन्याच्या किनाऱ्यावर गुलामगिरीची कायदेशीर मान्यता 1907 मध्ये संपली. येथे 1903 मध्ये निघालेले धर्मशिक्षणाचे विद्यालय 1930 मध्ये लिमुरूला हलले. मुक्त गुलामाचे पुत्र जेम्स म्बोटेला यांचे ‘उहुरू वा वातुम्वा’ (गुलामांची मुक्ती) हे स्वाहिली पुस्तक 1934 मध्ये प्रसिद्ध झाले. त्यात या वसाहतीची हकिकत आहे.