चक्र फिरविणारा हात

जत्रेंतील चक्रावर बसणाऱ्यांची दृष्टि घोड्यांवर, दिव्यांवर, वाद्यांवर खिळलेली असते. चक्र फिरविणाऱ्याकडे सहसा कोणी पाहत नाहीं. अलीकडे संगणकावरील कांहीं खेळांनीं मात्र त्या दुर्लक्षित माणसाचें कामच करमणुकीचा विषय केलें आहे. ही उलटापालट समजण्यास युरोपांतील फिरत्या जत्रांचा इतिहास पाहावा लागतो.

प्रारंभीं तेथें हीं चक्रें माणसांच्या वा जनावरांच्या बळावर फिरत. इंग्लंडांत मुलें चक्र ढकलीत आणि मोबदला म्हणून त्यांना फुकट बसावयास मिळे. १८६० नंतरच्या दशकांत वाफेचें युग जत्रेंत शिरलें. किंग्ज लिन येथील फ्रेडरिक सॅव्हेज हा शेतीचीं यंत्रें बनविणारा कारागीर. त्यानें मधोमध वाफेचें एंजिन असलेलीं चक्रें बांधलीं. आतां घोड्यांच्या रांगा वाढल्या, वेग वाढला, आणि ढकलणाऱ्या मुलांच्या जागीं एंजिनाचा जाणता चालक उभा राहिला. तरीहि हातांचें काम एकदम संपलें नाहीं. म्यूनिकच्या ऑक्टोबर उत्सवांतील 'क्रिनोलीन' हें चक्र १९३८ पर्यंत माणसेंच फिरवीत होतीं.

संगणकाच्या खेळांत प्रथम आला तो मालक. १९९४ च्या 'थीम पार्क'मध्यें बटाट्याच्या कापांत मीठ वाढवून पेयांचा खप वाढवितां येई; १९९९ मध्यें ख्रिस सॉयर यांचा 'रोलरकोस्टर टायकून' आला. दोहोंत खेळणारा हिशेब पाहतो. जर्मनीतील पिक्सेलस्प्लिट या संस्थेच्या 'व्हर्च्युअल राइड्स' मालिकेंत मात्र तो थेट चालकाच्या जागीं बसतो. बैठकींचे अडसर लावणें, वेग चढविणें, दिवे व धूर सोडणें, गर्दीला आरोळी देणें, हेंच तेथलें खेळणें.

पूर्वीं बसावयास मिळावें म्हणून मुलें चक्र ढकलीत. आज चक्र चालवावयास मिळावें म्हणून लोक पैसे मोजतात. श्रमाला लाभलेली ही प्रतिष्ठा लहान नव्हे. पण पडद्यावरील चूक पुन्हां डाव मांडून पुसतां येते, मैदानावरील चूक पुसतां येत नाहीं. अडसर नीट लागला कीं नाहीं हें पाहणाऱ्या खऱ्या चालकाच्या हातीं जिवंत माणसें असतात. रात्रीं दिवे मालवल्यावर सारें चक्र सुटें करून पुढच्या गांवीं नेणें, हेंहि त्याच्याच माणसांचें काम. या खेळांनीं एकदां तरी खेळणाऱ्याची नजर घोड्यांवरून त्या हाताकडे वळविली, तर त्यांनीं करमणुकीहून अधिक कांहीं साधलें असें म्हणतां येईल.