बावन्न नंबरची जर्सी आणि एक कागद

पोस्ट मोठी आहे, आधीच सांगतो. खेळाबद्दल वाटेल, पण खरं तर ती नोकरीबद्दल आहे. त्या नोकरीत झालेल्या दुखापतीबद्दल आणि फाइलमध्ये पडून राहिलेल्या एका कागदाबद्दल.

माणसाचं नाव माइक वेबस्टर. अमेरिकन फुटबॉलमधला सेंटर. हा खेळ आपल्याकडे फार कमी जण बघतात, म्हणून आधी त्याचं काम काय ते सांगतो. चेंडू फेकणारा क्वार्टरबॅक हा या खेळातला हिरो. त्याच्यापुढे पाच धिप्पाड माणसांची भिंत असते, तिला ऑफेन्सिव्ह लाइन म्हणतात. सेंटर या भिंतीच्या मधोमध. तो वाकून, दोन पायांमधून चेंडू मागे देतो आणि त्याच क्षणी समोरून येणाऱ्या शंभर-सव्वाशे किलोच्या माणसाला अंगावर घेतो. क्वार्टरबॅकला दोन-तीन सेकंद मिळवून द्यायचे, बस.

१९७९ चा सुपर बोल, म्हणजे तिथला अंतिम सामना, पिट्सबर्ग स्टीलर्सने डॅलसविरुद्ध ३५-३१ असा जिंकला. त्याचं चित्रण पहिल्यांदा बघताना माझी नजर चेंडूमागेच धावत होती. दुसऱ्यांदा ठरवून फक्त ५२ नंबरच्या जर्सीकडे बघत बसलो. चेंडू मागे, धडक. उठायचं, जागेवर यायचं, वाकायचं. पुन्हा धडक. त्याने अडवून धरल्यामुळे पुढे काय घडलं, हे बहुतेक वेळा त्याला दिसतसुद्धा नाही. टाळ्या पडतात त्या दुसऱ्याच कुणाला तरी.

वेबस्टर विस्कॉन्सिन राज्यातल्या बटाट्याच्या शेतावर वाढलेला मुलगा. १९७४ मध्ये संघांनी खेळाडू निवडले तेव्हा याचा नंबर लागला थेट पाचव्या फेरीत, १२५ वा. या जागेसाठी अंगाने लहान, असं लोकांचं मत. त्याने ती कसर व्यायामाने भरून काढली. कडाक्याच्या थंडीतही उघड्या दंडांनी खेळायचा, समोरच्याला बाही धरता येऊ नये म्हणून. लोक त्याला ‘आयर्न माइक’ म्हणायचे. स्टीलर्सकडून १५ हंगाम, मग कॅन्सस सिटीकडून २. एकूण २४५ सामने आणि ४ सुपर बोल विजेतेपदं. १९९७ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये त्याची निवड झाली. या खेळातला हा सर्वोच्च सन्मान.

तो सन्मान घेताना मात्र हा माणूस आतून संपत आला होता.

निवृत्तीनंतर काही वर्षांतच विसरायला लागला. पैसे गेले, संसार मोडला. कधी आपल्या ट्रकमध्ये झोपायचा, कधी रेल्वे स्टेशनवर. अंगातल्या वेदनांनी झोप येईना, तेव्हा टेझर गनने स्वतःलाच विजेचा झटका देऊन शुद्ध घालवायचा. ज्याच्या आधारावर संघाने चार विजेतेपदं मिळवली, त्याची ही अवस्था.

आता तो कागद. वेबस्टरने वकिलामार्फत लीगच्या, म्हणजे एनएफएलच्या, निवृत्तिवेतन मंडळाकडे अर्ज केला. माझ्या मेंदूला इजा झाली आहे, ती या खेळामुळे झाली आहे, मला अपंगत्वाचं वेतन द्या. डॉक्टरांनी तपासलं. मंडळाने स्वतः नेमलेल्या डॉक्टरचंही मत तेच पडलं. १९९९ मध्ये मंडळाने मान्य केलं की हा माणूस काम करू शकत नाही, आणि त्याचं कारण खेळताना डोक्याला झालेल्या इजा हेच आहे.

इथे थोडं थांबा. मंडळात संघमालक आणि खेळाडू, दोन्ही बाजूंचे प्रतिनिधी असतात. म्हणजे १९९९ साली लीगच्या घरात हे लेखी होतं. आणि त्याच काळात त्याच लीगची दुसरी एक समिती नेमकं उलट सांगत होती. डोक्याच्या दुखापतींचा अभ्यास करायला १९९४ मध्ये ही समिती नेमली गेली. तिचे प्रमुख कोण? सांधेदुखीचे डॉक्टर. या समितीने शोधनिबंधांमागून शोधनिबंध छापले. व्यावसायिक खेळाडूंच्या मेंदूला वारंवार मार बसतच नाही, असंसुद्धा त्यात लिहिलं. पैसे देताना एक सत्य आणि जगाला सांगताना दुसरं.

बरं, पैसे तरी नीट दिले का? मंडळाने तिथेही तारखेचा घोळ घातला. अपंगत्व १९९६ पासून धरलं, १९९१ ला खेळ सोडला तेव्हापासून नाही. तारीख पुढे सरकली की वेतनाचा वर्ग बदलतो आणि रक्कम घसरते. वेबस्टर भांडत राहिला. २४ सप्टेंबर २००२ ला हृदयविकाराने गेला, वय फक्त ५०. पुढचा खटला त्याच्या वारसांच्या वतीने चालला आणि डिसेंबर २००६ मध्ये वरच्या कोर्टानेही त्याच्याच बाजूने निकाल दिला. दहा लाख डॉलरहून जास्त रक्कम मिळाली. माणूस जाऊन चार वर्षं झाली होती.

पिट्सबर्गमध्ये त्याचं शवविच्छेदन केलं डॉ. बेनेट ओमालू यांनी. मूळचे नायजेरियाचे, या खेळाचं त्यांना काडीचं कौतुक नव्हतं. मेंदू बाहेरून नेहमीसारखा दिसत होता. तरी त्यांनी तो राखून ठेवला आणि पातळ काप करून तपासला. आत टाऊ नावाच्या प्रथिनाच्या गुठळ्या सापडल्या. असा आजार मुष्टियोद्ध्यांमध्ये १९२८ पासून नोंदलेला होता, पण फुटबॉलपटूत तो कुणी दाखवला नव्हता. त्याला सीटीई म्हणतात. एकच जबर फटका लागतो असं नाही, वर्षानुवर्षं बसणाऱ्या छोट्या-छोट्या धडकांनीही तो होतो. आणि अशा धडका खाणं हेच तर लाइनमनचं रोजचं काम!

ओमालूंचा निबंध २००५ मध्ये छापून आला. लीगच्या समितीतल्या डॉक्टरांनी काय करावं? नियतकालिकाला पत्र लिहून तो निबंध मागे घ्यायला सांगितलं. तो मागे घेतला गेला नाही. त्यानंतर आणखी खेळाडू गेले आणि आणखी मेंदू तपासले गेले. २०१३ मध्ये साडेचार हजारांहून अधिक माजी खेळाडूंच्या दाव्यांवर ७६.५ कोटी डॉलरची तडजोड जाहीर झाली, पुढे ती मर्यादाही काढावी लागली. आणि खेळाचा या आजाराशी संबंध आहे, हे लीगच्या अधिकाऱ्याने अमेरिकी संसदेच्या समितीसमोर स्पष्टपणे कबूल केलं ते २०१६ मध्ये. १९९९ ते २०१६. सतरा वर्षं. वेबस्टरची अख्खी कारकीर्दही सतरा हंगामांचीच होती.

एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. २०१७ च्या एका अभ्यासात एनएफएलच्या १११ खेळाडूंपैकी ११० जणांच्या मेंदूत सीटीई सापडला. हा आकडा सगळीकडे फिरतो. पण ते मेंदू दान केले होते कुटुंबांनी, आणि त्यातल्या अनेकांना आधीच शंका होती. त्यामुळे ‘प्रत्येकाला होतोच’ असा अर्थ त्यातून निघत नाही. तरी एवढ्या मेंदूंत आजार सापडतो, ही काही साधी गोष्ट नाही.

मला या सगळ्यात छळतो तो तारखेचा वाद. माणूस आजारी आहे, हे मान्य. कामामुळे आहे, हेही मान्य. फक्त आजार ‘सुरू’ कधी झाला, एवढ्यावर वर्षं गेली. ती तारीख ठरवायचा अधिकार पैसे देणाऱ्याकडेच होता.

तुमच्या घरात कुणी कामापायी आजारी पडलं असेल, तर त्यांच्या कागदावर कोणती तारीख आहे ते एकदा बघा. आणि ती कुणी लिहिली, तेही विचारा.