सामिदत, सामाजी, यमुना: ठाणे-कल्याणची माणसांची नावे

कान्हेरीच्या डोंगरातले पाण्याचे एक टाके कल्याणच्या सोनाराने दान दिले. इसवी सनाच्या आरंभीच्या शतकांतल्या त्या प्राकृत लेखात त्याचे नाव आहे सामिदत, म्हणजेच स्वामिदत्त. मूल हे देवाचे देणे, हा या नावाचा अर्थ. हिब्रूतला नथनेल आणि ग्रीकांचा थिओडोर यांचाही अर्थ जवळपास तोच. त्याच काळातले सातवाहन राजे मात्र गौतमीपुत्र, वासिष्ठीपुत्र अशी आईची ओळख नावात मिरवत.

नवव्या ते तेराव्या शतकात ठाण्यातून, म्हणजे तेव्हाच्या श्रीस्थानकातून, उत्तर कोकणावर शिलाहारांनी राज्य केले. त्यांची वंशावळ वाचताना मराठी जीभ अडखळते: वप्पुवन्न, झंझ, गोग्गी, वज्जड. हे घराणे आरंभी राष्ट्रकूटांचे मांडलिक होते. नावांवर आणि बिरुदांवर कन्नडची छाप आहे. मध्येच कपर्दी म्हणजे जटाधारी शिव किंवा अरिकेसरी म्हणजे शत्रूंना सिंहासारखा, अशी संस्कृत नावेही येतात. शके 982, म्हणजे इ.स. 1060 च्या अंबरनाथच्या लेखातला राजा मुम्मुणी; त्याचेच दुसरे नाव माम्वाणी. शेवटचा सोमेश्वर. हे नाव आजही घरोघरी चालेल.

पोर्तुगीज अमलात बाप्तिस्म्याबरोबर संतांची नावे आली. 1737 मध्ये चिमाजी अप्पांच्या मोहिमेत ठाणे मराठ्यांकडे आले, तरी ईस्ट इंडियन म्हटल्या जाणाऱ्या इथल्या ख्रिस्ती घरांतून ती नावे टिकली.

बेने इस्रायलांच्या नावांचा प्रवास अधिक रंजक आहे. कोकणात तेल गाळणारा आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारा हा समाज 'शनवार तेली' म्हणून ओळखला जाई. त्यांच्याकडे शमुवेलचा सामाजी झाला, यहेज्केलचा हसाजी. मूळ हिब्रू नावाला कोकणी उच्चार आणि मराठी 'जी' मिळाला, पुढे गावावरून आडनाव: दिवेकर, पेणकर, किहीमकर. 1796 मध्ये मुंबईतले पहिले सिनेगॉग बांधणारे सामाजी हसाजी दिवेकर म्हणजे शमुवेल यहेज्केल दिवेकर. ठाण्यात 1879 मध्ये 'शार हाशामायिम', म्हणजे स्वर्गाचे द्वार, हे सिनेगॉग उभे राहिले.

हिंदू घरांत बाराव्या दिवशी बारसे. आत्या बाळाच्या कानात नाव सांगते. त्याखेरीज जन्मनक्षत्राच्या चरणावरून अक्षर काढून पत्रिकेतले नाव ठरते. आजोबांचे नाव नातवाला ठेवण्याची चाल होती, पण सून सासऱ्याचे नाव घेत नसे. मग पोटच्या मुलालाच हाक कशी मारायची? म्हणून बाळ, नाना, अप्पा, आणि पुष्कळांना हीच नावे जन्मभर चिकटली. मुले जगत नसली की धोंडू, दगडू, केरू अशी नावे ठेवत, म्हणजे दृष्ट लागू नये. तुर्कीत अशाच आशेने 'दुरसुन', म्हणजे 'राहू दे', असे नाव ठेवतात.

मुलीचे नाव मात्र लग्नापर्यंतच तिचे. नवरा ताटातल्या तांदळावर अंगठीने नवे नाव लिही. कल्याणला 31 मार्च 1865 रोजी जन्मलेली यमुना जोशी नवव्या वर्षी गोपाळराव जोशींशी लग्न होऊन आनंदी झाली. माहेर-सासरचे आडनाव एकच, त्यामुळे ते बदलायचा प्रश्न नव्हता. बदलले ते नेमके तिचे स्वतःचे नाव. 1886 मध्ये फिलाडेल्फियाला वैद्यकीय पदवी मिळवून तिने जे नाव इतिहासात नेले, ते तांदळावरचे.

डोंबिवलीच्या लोकलच्या गर्दीत आज आरव, विहान, अन्वी अशा हाका ऐकू येतात. नावाची बांधणी मात्र मुलाचे, वडिलांचे, आडनाव अशीच चालत आली होती. 1 मे 2024 पासून जन्मलेल्यांच्या सरकारी कागदपत्रांत मुलाच्या नावानंतर आईचे, मग वडिलांचे आणि शेवटी आडनाव असा क्रम राज्य शासनाने बंधनकारक केला. विवाहितेसाठी तिचे नाव, पतीचे नाव आणि आडनाव ही जुनी पद्धत तशीच ठेवली आहे.