सह्याद्रीतील यवन

परंपरेनुसार इ. स. पूर्व 814 मध्ये टायरच्या फिनिशियन व्यापाऱ्यांनी आफ्रिकेच्या किनाऱ्यावर कार्थेज वसविले. आपले देव व लिपीही त्यांनी तेथे नेली. सह्याद्रीतील यवनांची रीत अगदी उलट दिसते. कार्ल्याच्या चैत्यगृहात धेनुकाकटच्या यवनांनी स्तंभ दिले, पण लेख ब्राह्मी लिपीत आणि भाषा प्राकृत! नाशिकला दात्तामित्रीचा योनक इंद्राग्निदत्त मातापित्यांच्या पुण्यासाठी लेणे कोरवितो. त्याच्या पित्याचे नाव धम्मदेव, पुत्राचे धम्मरक्खित. तीन पिढ्यांत ग्रीक नावाचा मागमूस नाही. हे मुळात ग्रीकच होते काय, याविषयी विद्वानांत मतभेद आहेत, आणि ते रास्तही आहेत. जुन्नरच्या इरिल नामक यवनाचे नाव मात्र इकडचे वाटत नाही. त्याने भिक्षूंसाठी दिली ती पाण्याची दोन टाकी.