एसटीच्या चालकभरतीतून रुजलेला दंडक

१/३ १ जून १९४८ रोजी अहमदनगर–पुणे मार्गावर एसटीची पहिली गाडी धावली. अर्धशतकानंतर याच एसटीच्या चालकभरतीचा वाद सर्वोच्च न्यायालयात पोहोचला. प्रश्न निवडीच्या निकषांचा होता.

२/३ २००१ साली न्यायालयाने बजावले : निवडप्रक्रिया सुरू झाल्यावर ‘खेळाचे नियम’ बदलता येणार नाहीत. निकष मागाहून फिरवता आले, तर मर्जीतल्या उमेदवाराला वाट करून देणे सोपे होते.

३/३ ७ नोव्हेंबर २०२४ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने हे तत्त्व कायम राखले. मात्र नियमांत वा जाहिरातीत मुभा असेल आणि बदल मनमानी नसेल, तर तो ग्राह्य धरला. म्हणूनच श्रीरामपूरच्या अभ्यासिकेतून अर्ज भरणाऱ्याने मूळ जाहिरात जपून ठेवावी. वाद उद्भवल्यास पहिला पुरावा तीच.