नट आणि नागरिक : जान मारिया व्होलोन्ते

सोंग घेणें हाच ज्याचा व्यवसाय, त्याला त्या सोंगाबद्दल जबाबदार धरावें काय, हा प्रश्न फार जुना आहे. सामान्य प्रेक्षकाचें उत्तर ठरलेलें असतें : नटाचें काम भूमिका वठविणें, ती राजाची असो वा खुन्याची असो, तोंडावरचा रंग उतरला कीं तिच्याशीं त्याचा संबंध संपला. हें उत्तर सोयीचें आहे, आणि बहुतेक नटांच्या बाबतींत तें पुरेसेंही आहे. परंतु विसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत इटलींत एक नट असा होऊन गेला कीं, ज्याला हें उत्तर कधींच पटलें नाहीं. आपण कोणती भूमिका पत्करतों आणि कोणती नाकारतों, यावरून समाजांत आपण कोणाच्या बाजूस उभे आहों हें ठरतें, असें तो मानी व उघडपणें सांगे. त्याचें नांव जान मारिया व्होलोन्ते. त्याच्या चरित्राचा आढावा घेण्याचें आम्हीं योजिलें आहे, तें केवळ एका गुणी नटाची वाचकांस ओळख व्हावी म्हणून नव्हे. वरील प्रश्नाचा निकाल त्याच्या आयुष्यांत कसा लागला, तें पाहण्यासारखें आहे म्हणून.

व्होलोन्तेचा जन्म ९ एप्रिल १९३३ रोजीं मिलान शहरीं झाला. बालपण मात्र तुरीन येथें गेलें. आई सधन घराण्यांतली होती. वडील मारिओ हे कट्टर फॅसिस्ट. दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरच्या पर्वांत जर्मनांच्या आश्रयानें मुसोलिनीनें उत्तर इटलींत जें राज्य थाटलें, त्या राज्यांत तुरीनजवळच्या किव्हास्सो गांवीं 'काळ्या पथका'चे ते नायक होते. हीं सशस्त्र पथकें परक्या शत्रूशीं लढण्यासाठीं नव्हे, तर स्वदेशांतल्याच प्रतिकारकांचा पाठलाग करण्यासाठीं उभारलेलीं होतीं. युद्ध संपल्यावर वडिलांच्या वाट्यास तुरुंग आला आणि घराच्या वाट्यास दैन्य. मुलानें चौदाव्या वर्षीं शाळा सोडली आणि पुढें कांहीं काळ फ्रान्समध्यें जाऊन सफरचंदें तोडण्याची मजुरीही केली. बापाचें पाप मुलानें फेडावें, असा कांहीं नियम नाहीं. परंतु सत्ता, शिक्षा आणि अपराध हे विषय ज्याच्या कलेचा आयुष्यभर पाठपुरावा करीत राहिले, त्याच्या बालपणाचा हा तपशील वाचकांनीं लक्षांत ठेवावा.

रंगभूमीकडे तो वळला तो एका फिरत्या नाटकमंडळीच्या द्वारें. पात्रांच्या पोशाखांची राखण आणि मंडळीचें किरकोळ लिखापढीचें काम, अशा नोकरीनें प्रवेश होऊन हळूहळू त्याला रंगमंचावर पाऊल ठेवावयास मिळालें. आपल्याकडील नाटकमंडळ्यांच्या बिऱ्हाडांत अनेक नामांकित नट असेच घडले, हें जाणणाऱ्या वाचकांस यांत नवल वाटणार नाहीं. व्होलोन्तेनें मात्र तेवढ्यावर समाधान न मानतां रोम येथील राष्ट्रीय नाट्य-विद्यालयांत रीतसर शिक्षण घेतलें व १९५७ सालीं तें पुरें केलें. पाठांतराची जी शिस्त त्याला लागली, ती शेवटपर्यंत सुटली नाहीं. आपली भूमिका तो वहींत स्वहस्तानें पुन्हां पुन्हां लिहून काढी. लिहितां लिहितां ते शब्द दुसऱ्याचे राहत नसत.

इटलींत टेलिव्हिजनचें नियमित प्रक्षेपण १९५४ सालीं सुरू झालें होतें, आणि त्या काळीं त्या नव्या यंत्रासमोर घरोघर थोर वाङ्मयाचीं नाट्यरूपें पाहिलीं जात. १९५९ सालीं दोस्तोयेव्हस्कीच्या 'इडियट' ह्या कादंबरीच्या मालिकेंत व्होलोन्तेनें रोगोझिन उभा केला आणि त्याचा चेहरा घराघरांत पोहोंचला. पुढें १९६४ सालीं मायकेलअँजेलोच्या व १९६७ सालीं काराव्हाज्जोच्या चरित्रावरील मालिकांतही प्रमुख भूमिका त्याच्याकडेच आल्या. चित्रपटांतली त्याची पहिली मोठी भूमिका १९६२ सालची. सिसिलींतील साल्वातोरे कार्नेव्हाले नांवाच्या शेतमजुरांच्या पुढाऱ्याचा १९५५ सालीं माफियानें खून केला होता; त्याच्या जीवनावरून ताव्हिआनी बंधू व ओर्सिनी ह्यांनीं रचलेल्या चित्रपटाचा व्होलोन्ते नायक होता.

परंतु जगानें त्याला ओळखलें तें निराळ्याच कामामुळें. १९६४ सालीं सेर्जिओ लेओने ह्या दिग्दर्शकानें 'मूठभर डॉलरांसाठीं' हा घोडेस्वारांचा आणि पिस्तुलांचा चित्रपट काढला. त्यांतला क्रूर खलनायक व्होलोन्ते होता. चित्र अमेरिकन वाटावें म्हणून त्यांत काम करणाऱ्या इटालियनांनीं इंग्रजी नांवें घेतलीं होतीं. व्होलोन्ते तेथें 'जॉन वेल्स' झाला होता. पुढच्या वर्षीं त्याच तऱ्हेचा दुसरा चित्रपट निघाला आणि दोहोंनीं अमाप पैसा मिळविला. गंमत अशी, कीं पहिल्या चित्रपटांत त्याचें नांव त्याचें नव्हतें आणि इटालियन आवृत्तींत आवाजही त्याचा नव्हता. इटलींत त्या काळीं चित्रीकरण आधीं होई व संवाद मागून भरले जात. पुष्कळदां चेहरा एकाचा आणि वाणी दुसऱ्याची असे. ही रूढि मोडून ज्याचा चेहरा त्याचाच आवाज असावा, अशी जी चळवळ इटालियन नटांनीं पुढें केली, तींत व्होलोन्ते आघाडीवर होता. आम्हांस ही गोष्ट केवळ धंद्यांतल्या हक्कांची वाटत नाहीं. उच्चारलेल्या शब्दाची जबाबदारी ज्याला घ्यावयाची आहे, त्याला आपली वाणी दुसऱ्याच्या हवालीं करून चालत नाहीं.

ही जबाबदारी त्याला लवकरच घ्यावी लागली. ज्यूंच्या संहाराच्या वेळीं पोप बारावे पायस ह्यांनीं मौन कां धरलें, असा सवाल करणारें होखहुट ह्या जर्मन नाटककाराचें नाटक त्यानें १९६५ सालीं रोममध्यें उभें केलें. धर्मपीठाशीं १९२९ सालीं झालेल्या कराराचा आधार घेऊन सरकारनें प्रयोग बंद पाडला. ज्या वर्षीं पिस्तुलबाज खलनायक म्हणून त्याच्या नांवाला बाजारांत भाव चढला होता, त्याच वर्षीं स्वतःच्या निवडीच्या नाटकाच्या दारावर त्याला पोलीस पाहावे लागले. येथून त्याची वाट ठरली असें म्हणावयास हरकत नाहीं.

त्याच्या कीर्तीचा कळस म्हणजे एलिओ पेत्री ह्या दिग्दर्शकाचा फेब्रुवारी १९७० मध्यें प्रकाशित झालेला 'संशयातीत नागरिकाची चौकशी' हा चित्रपट. पोलीस खात्यांतला एक वरिष्ठ अधिकारी आपल्या रखेलीचा खून करतो व स्वतःविरुद्धचे पुरावे बुद्ध्या मागें ठेवतो. कां, तर आपल्यावर संशय घेण्याची कोणाची छाती होते कीं काय, हें त्याला पाहावयाचें असतें. ती कोणाचीच होत नाहीं. पुरावा समोर दिसत असतांना तपास करणारे डोळे मिटून घेतात. व्होलोन्तेचा हा अधिकारी हाताखालच्या लोकांवर गर्जतो, भाषणांत कायद्याचा जयघोष करतो, आणि एकांतांत मात्र लहान मुलासारखा भेदरलेला असतो. सत्तेचा माज आणि अंतरींची भीति हीं एकाच नाण्याच्या दोन बाजू आहेत, हें ग्रंथांतून वाचणें निराळें आणि एका माणसाच्या चालण्याबोलण्यांतून पाहणें निराळें.

चित्रपट ज्या घटकेस लोकांपुढें आला ती घटकाही विलक्षण होती. १२ डिसेंबर १९६९ रोजीं मिलानमधील एका बँकेंत बाँबस्फोट होऊन सतरा माणसें प्राणांस मुकलीं. पोलिसांनीं अराजकवाद्यांना धरलें. त्यांपैकीं पिनेल्ली नांवाचा रेल्वे-कामगार तीन दिवसांनीं पोलीस कचेरीच्या चौथ्या मजल्याच्या खिडकींतून पडून मेला. तो निरपराध होता. स्फोटाचें कृत्य नवफॅसिस्टांचें होतें, असा निर्वाळा न्यायालयांनीं कित्येक वर्षांनीं दिला. पेत्रीची कथा ह्या घटनांच्या आधींची. पण लोकांनीं ती त्याच दिवसांची म्हणून पाहिली. व्होलोन्ते व त्याचे सोबती तेवढ्यावर थांबले नाहींत. पिनेल्लीच्या मृत्यूविषयीं अधिकाऱ्यांनीं दिलेल्या निरनिराळ्या हकीकती त्यांनीं एका छोट्या पटांत जशाच्या तशा करून दाखविल्या, आणि प्रत्येक हकीकत करून पाहिली असतां कशी अशक्य ठरते, तें प्रेक्षकांनींच ठरवावें, असें ठेवलें. अभिनयाचा असा उपयोग आमच्या तरी माहितींत दुसरा नाहीं.

'संशयातीत नागरिका'ला अमेरिकेंतील ऑस्कर पारितोषिक मिळालें. १९७२ सालीं कान येथील महोत्सवांत सर्वोच्च पारितोषिक दोन इटालियन चित्रपटांत विभागून देण्यांत आलें, आणि दोहोंचा नायक व्होलोन्तेच होता. एकांत तो नगावारी मजुरीच्या लोभानें यंत्राशीं शर्यत लावणारा आणि त्या शर्यतींत बोट गमावणारा लूलू नांवाचा कामगार होता. दुसऱ्यांत इटलीच्या तेल-उद्योगाचा सूत्रधार एन्रिको मात्तेई. मात्तेई १९६२ सालीं विमान कोसळून मेला, तो अपघात कीं घातपात हा वाद इटलींत दीर्घकाळ चालला. दिग्दर्शक फ्रांचेस्को रोझी ह्यानें मात्तेईच्या सिसिलींतील अखेरच्या दिवसांची माहिती काढण्याचें काम दे माउरो ह्या पत्रकाराकडे सोंपविलें होतें. तो पत्रकार सप्टेंबर १९७० मध्यें पालेर्मो येथून नाहींसा झाला आणि पुन्हां कधीं दिसला नाहीं. हे चित्रपट किती धगधगत्या निखाऱ्यांवरून चालत होते, तें यावरून कळावें. याच सुमारास, १९७१ सालीं, अमेरिकेंत १९२७ सालीं देहान्त शासन झालेल्या दोघां इटालियन अराजकवाद्यांपैकीं व्हान्झेत्तीची भूमिकाही त्यानें केली.

येथें एका आक्षेपाचा विचार करणें प्राप्त आहे. अशी कला म्हणजे पक्षाचा प्रचार नव्हे काय? व्होलोन्ते कम्युनिस्ट पक्षाचा होता, ही गोष्ट त्यानें कधीं लपविली नाहीं. १९७५ सालीं तो रोमभोंवतालच्या लात्सिओ प्रांताच्या कौन्सिलावर निवडूनही आला. परंतु कांहीं महिन्यांतच त्यानें राजीनामा दिला. पक्षाची शिस्त आणि त्याचा स्वभाव यांचें जमलें नाहीं. शिवाय लूलू कामगार हा कांहीं आदर्श क्रांतिवीर नाहीं. तो हावरट आहे, गोंधळलेला आहे, आणि म्हणूनच डाव्या मताच्याही पुष्कळांना तो चित्रपट रुचला नाहीं. तरीही व्हान्झेत्तीसारख्या भूमिकेंत नटाचें अंतःकरण आधींच एका पारड्यांत पडलेलें दिसतें, हें कबूल करावें लागेल. आक्षेपाचें खरें उत्तर आम्हांस तेथें मिळत नाहीं. तें मिळतें एकाच पुरुषाच्या दोन प्रतिमांत.

हा पुरुष म्हणजे ख्रिस्ती लोकशाही पक्षाचा पुढारी आल्दो मोरो. १९७६ सालीं, मोरो पंतप्रधान असतांनाच, पेत्रीनें शाशाच्या कादंबरीवरून एक विखारी उपहासपट काढला. सत्ताधारी पुढारी एका मठांत चित्तशुद्धीसाठीं जमतात आणि एकामागून एक मारले जातात, अशी त्याची कथा. त्यांतला 'एम.' हा गोड बोलणारा, हात चोळणारा अध्यक्ष कोण, हें सांगावें लागत नव्हतें. साम्य इतकें साधलें, कीं पहिल्या दिवसांचें चित्रीकरण टाकून द्यावें लागलें, असें पेत्रीनेंच पुढें सांगितलें. शेवटीं 'एम.' हाही मारला जातो. नंतर दोनच वर्षें गेलीं. १६ मार्च १९७८ रोजीं 'लाल पथकां'नीं रोमच्या रस्त्यांत मोरोच्या पांच रक्षकांना ठार करून त्याला पळविलें, पंचावन्न दिवस कोंडून ठेवलें, आणि ९ मे रोजीं त्याचें प्रेत एका मोटारींत सांपडलें. कैदेंतून त्यानें पत्रांमागून पत्रें लिहिलीं. सरकारनें वाटाघाटीस नकार दिला. उपहासाचा चित्रपट त्यानंतर बरींच वर्षें क्वचितच दाखविला गेला.

१९८६ सालीं ह्या अपहरणावर चित्रपट निघाला, तेव्हां मोरोची भूमिका पुन्हां व्होलोन्तेकडेच आली आणि त्यानें ती स्वीकारली. तोच चेहरा, तीच मंद वाणी; पण ह्या वेळीं त्यांत उपहासाचा लवलेश नव्हता. मित्रांनीं टाकलेला, कुटुंबाच्या आठवणीनें व्याकुळ झालेला, तरीही विचार न सोडणारा असा एक वृद्ध होऊं लागलेला माणूस तेथें होता. बर्लिनच्या महोत्सवांत १९८७ सालीं उत्कृष्ट नटाचें पारितोषिक त्याला मिळालें, तें ह्याच कामाबद्दल. राजकीय प्रतिस्पर्ध्यावर टीका करणें सोपें आहे. ज्याची टर उडविली त्याच्याच मरणयातना दहा वर्षांनीं स्वतःच्या देहांत भोगून दाखविणें सोपें नाहीं. प्रचारक हें करीत नाहीं. त्याला प्रतिपक्ष्याचा अंतरात्मा नको असतो.

उतारवयांतले आणखी दोन चित्रपट सांगितल्यावांचून हें चरित्र पुरें होणार नाहीं. १९७९ सालीं रोझीच्या दिग्दर्शनाखालीं त्यानें कार्लो लेव्ही हा चित्रकार व वैद्य उभा केला. लेव्हीला फॅसिस्ट सरकारनें १९३५ सालीं दक्षिणेंतल्या एका दरिद्री खेड्यांत स्थानबद्ध केलें होतें. तेथें तो फारसें बोलत नाहीं, शेतकऱ्यांचें ऐकतो. टेलिव्हिजनसाठीं ह्या चित्रपटाची निराळी, चार भागांची दीर्घ आवृत्ति करण्यांत आली, आणि त्या ऐकण्याला तेथें पुरती सवड मिळाली. दुसरा चित्रपट जान्नी आमेलिओचा, १९९० सालचा, पुन्हां शाशाच्याच कादंबरीवरचा. काळ १९३७, स्थळ पालेर्मो. तीन खून करणाऱ्या एका माणसाला फांशीच हवी, असें सरकार, वृत्तपत्रें आणि खुद्द आरोपीसुद्धां म्हणतो; एक अबोल न्यायाधीश तेवढा देहान्त शासनाविरुद्ध उभा राहतो, आणि त्याची किंमत म्हणून आडबाजूला बदली पत्करतो. फॅसिस्ट राजवटींत एका खुन्याचा जीव वांचविण्यासाठीं झगडणारा हा न्यायाधीश ज्यानें साकार केला, तो काळ्या पथकाच्या नायकाचा पुत्र होता.

१९९१ सालीं व्हेनिसच्या महोत्सवानें त्याच्या एकंदर कामगिरीबद्दल त्याला सुवर्णसिंह अर्पण केला. ६ डिसेंबर १९९४ रोजीं, ग्रीसमधील फ्लोरिना गांवीं आंगेलोपुलोस ह्या दिग्दर्शकाच्या चित्रपटाचें काम चालू असतांना, हृदयक्रिया बंद पडून वयाच्या एकसष्टाव्या वर्षीं तो मरण पावला. सार्डिनियाजवळील माद्दालेना बेटावर त्याला मूठमाती देण्यांत आली.

आतां आरंभींच्या प्रश्नाकडे वळूं. व्होलोन्तेनें भूमिका निवडतांना नागरिकाची सदसद्विवेकबुद्धि जागी ठेवली. भूमिका करतांना मात्र न्यायाधीशाचें आसन सोडून दिलें. पहिली गोष्ट नसती तर तो बाजारांतला एक कुशल बहुरूपी राहिला असता. दुसरी नसती तर व्यासपीठावरचा वक्ता झाला असता. मतांचा आग्रह आणि माणसाविषयींची करुणा ह्या दोहोंचें एका देहांत नांदणें दुर्मिळ असतें. इटलीच्या अत्यंत कडवट काळांत तें एका नटाच्या ठायीं नांदलें, आणि म्हणून त्याचे चित्रपट आजही जुन्या बातमीसारखे शिळे वाटत नाहींत.