'आप' म्हणायची क्रांती

तोरणमाळ म्हटलं की आपल्याला यशवंत तलाव, सीताखाई नाहीतर गोरखनाथाची यात्रा आठवते. पण याच सातपुड्याच्या पायथ्याशी, तळोदा तालुक्यातल्या मोरवडला, एक भिल्ल संत होऊन गेले: गुलाम महाराज.

काळ १९३०च्या दशकाचा. दारूपायी कर्ज, कर्जापायी जमीन सावकाराकडे. महाराजांचं सांगणं एकदम साधं. दारू सोडा, स्वच्छ राहा, आरतीला या आणि भेटल्यावर 'आप की जय' म्हणा. बघता बघता आरतीला हजारो लोक जमायला लागले. दारूवाल्यांचा धंदा बसला. १९३८ मध्ये महाराज गेले; काम पुढे नेलं ते त्यांचे भाऊ रामदास महाराजांनी.

१९७२ नंतर शेजारच्या शहाद्यात आदिवासींनी गेलेल्या जमिनी परत मागितल्या, बायकांनी दारूचे मटके फोडले. प्रश्न तेच होते, जमीन आणि दारू.

मला मात्र तो 'आप' जास्त भावतो. आपण ऑफिसात साहेबाला नावाने हाक मारतो आणि त्याला समानता म्हणतो. ज्यांना बाजारात कुणीही 'ए' म्हणायचं, त्यांची समानता उलट्या बाजूने आली. त्यांनी आधी एकमेकांना मान दिला. जमिनीचं भांडण नंतर!